वळणाआधीचा ब्रेक
(नभोवाणीवर सादर झालेल्या भाषणाचा संपादित भाग)

गेल्या ईदला आपाकडे चिपळूणला गेलो होतो. शीरखुर्मा झाला, गप्पा झाल्या आणि भाचा म्हणाला, “मामू, जरा वर या, एक गोष्ट दाखवायचीय.” वरच्या खोलीत त्याचा कॉम्प्युटर सुरू होता. पडद्यावर डोंगरातला एक रस्ता, दोन्ही बाजूंना झाडं, मध्येच बोगदा आणि त्या रस्त्यावरून चाललेली एक छोटी गाडी. खेळ शर्यतीचा होता, पण गाडीला शर्यतीची घाई दिसत नव्हती. प्रत्येक वळणाच्या बरीच आधी तिचा वेग कमी व्हायचा. वळण नीट घेऊन झालं की मग ती पुन्हा वेग घ्यायची. कशेडी घाटात एसटीचा मुरलेला ड्रायव्हर गाडी उतरवतो ना, अगदी तशी. भाच्याच्या हातात तर काहीच नव्हतं. मी विचारलं, “कोण चालवतंय?” तो म्हणाला, “अब्बा.”

आमचे दुलाभाई २०११ साली पैगंबरवासी झाले. आयुष्यभर त्यांनी कुवेतमध्ये गाडी चालवली. १९९८ च्या सुट्टीत येताना त्यांनी मुलासाठी प्लेस्टेशन आणलं होतं. पुढच्या वर्षीच्या सुट्टीत मुलाच्या हट्टाखातर त्यांनी एकदा रिमोट हातात घेतला आणि एक शर्यत पुरी केली. मुलानं ती शर्यत मेमरी कार्डवर साठवून ठेवली. पुढे प्लेस्टेशन बंद पडलं, ते ज्या टीव्हीला जोडायचे तो टीव्ही भंगारात गेला. आणि तरी या ईदला दुलाभाई वळणावर ब्रेक लावत होते.

हे कसं घडतं, ते आज सांगायचं आहे. मी बी.ए. झालेला, कविता लिहिणारा माणूस. यंत्रांशी माझं नातं बेताचंच. पण त्या दिवसानंतर मी भाच्याला खोदून खोदून विचारलं, थोडं वाचलं, आणि जे समजलं ते माझ्या भाषेत तुमच्यापुढे ठेवतो.

टीव्हीला जोडून खेळायच्या यंत्राला कन्सोल म्हणतात. शर्यतीचे खेळ हा कन्सोलचा जुना आणि लाडका प्रकार. जपानच्या निंटेंडो कंपनीनं १९९० साली आपलं सुपर फॅमिकॉम हे यंत्र बाजारात आणलं, तेव्हा त्याच्या सोबतीला ‘एफ-झिरो’ ही शर्यत होती. १९९२ साली ‘सुपर मारिओ कार्ट’ आला. १९९४ च्या डिसेंबरात सोनीचं प्लेस्टेशन जपानमध्ये विक्रीला आलं, तेही नामको कंपनीच्या ‘रिज रेसर’ या शर्यतीसह. १९९७ च्या डिसेंबरात ‘ग्रॅन टुरिझ्मो’ आला. त्यात शंभराहून अधिक खऱ्याखुऱ्या मोटारी होत्या आणि त्याच्या एक कोटीहून अधिक प्रती खपल्या. दुलाभाईंनी चालवलेली गाडी याच खेळातली.

आता अडचण अशी, की या प्रत्येक यंत्राची भाषा वेगळी. प्लेस्टेशनसाठी लिहिलेला खेळ प्लेस्टेशनच्या प्रोसेसरलाच कळतो. ती तबकडी कॉम्प्युटरमध्ये घातली, तर कॉम्प्युटर ती वाचेल, पण त्याला त्यातलं अक्षर कळणार नाही. इथे मदतीला येतो एम्युलेटर नावाचा प्रोग्रॅम.

एम्युलेटर म्हणजे काय, हे समजायला आपल्याला लांब जायला नको. पूर्वी गावोगावी बहुरूपी यायचे. एखादा फौजदाराच्या वेषात दारात उभा राहायचा आणि ‘तुमच्या नावाचं वॉरंट आहे’ म्हणायचा. नवखा माणूस घाबरायचा, कारण टोपीपासून बोलण्यापर्यंत सगळं फौजदारासारखंच. एम्युलेटर हा कॉम्प्युटरमधला बहुरूपी. तो खेळाला सांगतो, मीच प्लेस्टेशन आहे. खेळ विचारतो, चित्र काढणारी चिप कुठे आहे? हा म्हणतो, ही काय. रिमोट कुठे आहे? हा काय. मेमरी कार्ड? हे घे. खेळाची खात्री पटते आणि तो सुरू होतो.

ही युक्ती खेळांसाठी निघालेली नाही. १९६० च्या दशकात आयबीएमनं सिस्टिम/३६० ही नवी संगणकमालिका काढली, तेव्हा कचेऱ्यांचे १४०१ या जुन्या संगणकावरचे सगळे प्रोग्रॅम वाया जातील अशी भीती होती. म्हणून नव्या यंत्राला जुन्याचं सोंग घ्यायला शिकवलं गेलं. पगारपत्रकं आणि हिशेब वाचवण्यासाठी निघालेली विद्या पुढे खेळ वाचवायला कामी आली.

सोंग वठवायला मेहनत मात्र फार. प्लेस्टेशनचा प्रोसेसर सेकंदाला सुमारे ३ कोटी ३८ लाख ठोक्यांवर चालायचा आणि त्याची कामाची स्मृती होती अवघी २ मेगाबाइट. आजच्या साध्या कॉम्प्युटरचे ठोके सेकंदाला ३०० कोटींच्या घरात. मग हे त्याच्या डाव्या हातचं काम असायला हवं. पण एम्युलेटरला दुभाष्याचं काम करावं लागतं. जुन्या यंत्राची एकेक आज्ञा वाचायची, तिचा अर्थ नव्या यंत्राच्या भाषेत लावायचा आणि ती पार पाडायची. हुशार दुभाषा पूर्ण परिच्छेदाचा अनुवाद एकदाच करून जवळ ठेवतो आणि तोच मजकूर पुन्हा आला की तयार अनुवाद पुढे करतो. चांगले एम्युलेटर असंच करतात. शिवाय चित्र, आवाज, तबकडी वाचणं, रिमोटची बटणं, ही सगळी कामं मूळ यंत्रात ज्या क्रमानं आणि ज्या क्षणी व्हायची, त्याच क्षणी व्हावी लागतात. शर्यतीत तर सगळा खेळच क्षणांचा.

१९९० सालच्या सुपर फॅमिकॉमचंच पाहा. त्याच्या प्रोसेसरचे ठोके सेकंदाला जास्तीत जास्त ३६ लाखांच्या आसपास. पण त्याची शंभर टक्के हुबेहूब नक्कल करायला ३ गिगाहर्ट्‌झचा, म्हणजे सेकंदाला ३०० कोटी ठोक्यांचा संगणक लागतो, असं ‘बायू’ या टोपणनावानं ओळखल्या जाणाऱ्या प्रोग्रॅमरनं २०११ साली सविस्तर लिहिलं होतं. जवळपास जमणारी नक्कल स्वस्तात होते. शेवटचा बारीक फरक मिटवायलाच सगळी ताकद खर्ची पडते. गवयाची नक्कल करणाऱ्याला हे लगेच पटेल.

त्या बारीक फरकानं एवढं काय बिघडतं? एक उदाहरण देतो. ‘सुपर मारिओ कार्ट’मधला रस्ता जमिनीवर पसरल्यासारखा, आपल्यासमोर फिरत येणारा दिसतो. हे गणित एकट्या प्रोसेसरला झेपणारं नव्हतं. म्हणून खेळाच्या कार्ट्रिजमध्येच, ज्याला आपल्याकडे सगळे कॅसेटच म्हणायचे, डीएसपी-१ नावाची जास्तीची चिप बसवलेली होती. हीच चिप ‘पायलटविंग्ज’ या विमान उडवण्याच्या खेळातही होती. त्या खेळाच्या सुरुवातीला एक नमुन्याचं उड्डाण दाखवलं जातं आणि विमान सुखरूप उतरतं. ते उड्डाण म्हणजे चित्रफीत नव्हे. कोणतं बटण कोणत्या क्षणी दाबायचं, याची ती नोंद. खेळ दरवेळी त्या नोंदीवरून उड्डाण नव्यानं घडवतो. पुढे निंटेंडोनं या चिपची सुधारलेली आवृत्ती काढली, तिच्यातली गणिताची एक चूक दुरुस्त केली, आणि त्या सुधारलेल्या चिपवर नमुन्याचं तेच विमान उतरताना कोसळायला लागलं! बटणं तीच, क्षण तेच, पण खालचं गणित केसभर बदललं. चूक होती तोवर विमान सुखरूप उतरत होतं.

म्हणून खरे एम्युलेटर लिहिणारे जुन्या यंत्राच्या चुकासुद्धा जपतात. डीएसपी चिपच्या पोटात नेमकं काय आहे हे कळावं म्हणून हौशी मंडळींनी वर्गणी काढून अशा चिपा मिळवल्या, त्यांचं वरचं कवच आम्लात विरघळवलं आणि आतला मजकूर सूक्ष्मदर्शकाखाली वाचला. जुनी हस्तलिखितं वाचणारे संशोधक अक्षरागणिक भांडतात, त्यातलाच हा प्रकार.

पण मंडळी, सगळ्यांनाच चुका जपायच्या नसतात, आणि त्यातही वावगं काही नाही. ज्यांनी त्या काळी प्लेस्टेशनवर खेळ खेळले त्यांना आठवेल, रस्त्याच्या कडा आणि गाडीचे कोपरे सतत थरथरल्यासारखे दिसायचे. रस्त्यावरचे पट्टे जवळ आले की वाकडे व्हायचे. कारण ते यंत्र कोपऱ्यांच्या जागा पूर्णांकात मोजायचं. बिंदूच्या अध्येमध्ये कोपरा ठेवणं त्याला माहीत नव्हतं. शिवाय लांबचं लहान आणि जवळचं मोठं दिसतं, हा हिशेब पृष्ठभागावरचं चित्र ताणताना ते करत नसे. आजचे एम्युलेटर हे अपूर्णांक आठवणीत ठेवतात आणि रस्ता गुळगुळीत करून दाखवतात. चित्र कितीतरी पट मोठं आणि रेखीव होतं.

हाताचंही तसंच. प्लेस्टेशनच्या पहिल्या रिमोटवर साधी बटणं होती. स्टिअरिंग एकतर पूर्ण वळणार, नाहीतर सरळ. यावर तोडगा म्हणून नामकोनं १९९५ साली ‘नेगकॉन’ नावाचा अजब रिमोट काढला. तो मधोमध पिळता यायचा, ओल्या कपड्यासारखा, आणि जितका पिळाल तितकी गाडी वळायची. आजच्या एम्युलेटरमध्ये कॉम्प्युटरला जोडलेलं स्टिअरिंग व्हीलच नेगकॉन असल्याचं सोंग घेतं, आणि तीस वर्षांपूर्वीची शर्यत खऱ्या चाकानं खेळता येते.

आणखी एक गोष्ट आपल्याशी थेट संबंध असलेली. जपान-अमेरिकेतले जुने टीव्ही सेकंदाला ६० वेळा चित्र रेखाटायचे. भारतात, आखातात आणि बऱ्याच युरोपात पाल पद्धत, म्हणजे ५० वेळा. खेळाचा वेग या आकड्याला बांधलेला असायचा. पाल देशांसाठी खेळ काढताना अनेक कंपन्यांनी हा फरक भरून काढण्याची तसदी घेतली नाही. त्यामुळे असे कितीतरी खेळ मूळच्यापेक्षा सुमारे एक षष्ठांश हळू चालायचे आणि वर-खाली काळ्या पट्ट्या दिसायच्या. ज्या वेगाला आपल्याकडची मुलं भन्नाट म्हणत होती, तो कित्येकदा मुळात मंदावलेला होता. एम्युलेटरवर जपानी किंवा अमेरिकी प्रत चालवली, की त्या खेळाचा खरा वेग पहिल्यांदाच हाती येतो.

आता प्रश्न कायद्याचा. हे सगळं चोरीचं तर नाही? १९९९ साली कनेक्टिक्स या कंपनीनं मॅक संगणकावर प्लेस्टेशनचे खेळ चालवणारा एम्युलेटर विकायला काढला आणि सोनीनं तिला कोर्टात खेचलं. २००० साली अमेरिकेच्या अपील न्यायालयानं निकाल दिला, की यंत्र कसं चालतं हे समजून घेण्यासाठी केलेली मधली नक्कल ही रास्त वापरात बसते. पुढे सोनीनं तो एम्युलेटर विकतच घेतला आणि तो बाजारातून गेला. गंमत म्हणजे २०१८ साली सोनीनं ‘प्लेस्टेशन क्लासिक’ हे जुन्या २० खेळांचं छोटं यंत्र काढलं, तेव्हा आत वापरला होता तो हौशी लोकांनी घडवलेला, सर्वांना खुला असलेला एम्युलेटरच. त्यातल्या काही खेळांच्या ५० च्या पाल प्रती घातल्या म्हणून लोक नाराज झाले, तो भाग वेगळा.

तेव्हा सोंग घेणं गुन्हा नाही. खेळाची दुसऱ्याची प्रत फुकट उचलणं हा मात्र गुन्हा. खेळ जुना झाला, बाजारात मिळत नाही, म्हणून त्याचा हक्क संपत नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२ कायदेशीर मार्गानं घेतलेल्या प्रोग्रॅमची स्वतःच्या, बिगरव्यापारी वापरासाठी प्रत करायला मुभा देतं. कुलूप तोडण्याबद्दलचं वेगळं कलम २०१२ च्या दुरुस्तीनं आलं. चालू यंत्रांच्या बाबतीत कंपन्या कडक असतात. निंटेंडोच्या दाव्यानंतर ‘यूझू’ हा एम्युलेटर २०२४ साली २४ लाख डॉलर मोजून बंद झाला. भाच्यानं मात्र घरची तबकडी वापरली. प्लेस्टेशनची तबकडी साध्या सीडी ड्राइव्हमध्ये वाचता येते, तिची पूर्ण प्रत फाइल म्हणून उतरवता येते. यंत्र सुरू होताना जो मूळ प्रोग्रॅम चालतो, ज्याला बायोस म्हणतात, तो आपल्याच यंत्रातून घ्यावा. ‘डकस्टेशन’सारखा एम्युलेटर, ही फाइल, हे बायोस आणि एक रिमोट, एवढ्यावर काम भागतं.

तुम्ही म्हणाल, एवढा खटाटोप कशाला? नवे खेळ कमी आहेत का? इथे शर्यतीच्या खेळांचं एक खास दुखणं सांगायला हवं. कथेतला राजपुत्र कंपनीच्या मालकीचा असतो. शर्यतीतली गाडी दुसऱ्याची असते आणि गाडीत वाजणारं गाणं तिसऱ्याचं. या परवान्यांची मुदत ठरलेली असते. मुदत संपली, की खेळ दुकानातून उतरतो. सेगाच्या प्रसिद्ध ‘आउटरन’ची नवी आवृत्ती २००९ साली फेरारीच्या परवान्यासह आली आणि काही वर्षांतच विक्रीतून गेली. ‘फोर्झा होरायझन ४’ची विक्री २०२४ च्या डिसेंबरात थांबली. ‘द क्रू’ या खेळाची गोष्ट त्याहून वाईट. २०१४ साली आलेला हा खेळ कंपनीच्या सर्व्हरशी जोडल्याशिवाय चालतच नसे. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद केला आणि लोकांनी पैसे मोजून घेतलेला खेळ घरातल्या घरात मुका झाला. पुढे २०२५ साली हौशी मंडळींनी त्या सर्व्हरचंच सोंग घेणारा प्रोग्रॅम काढला, तेव्हा कुठे तो रस्ता पुन्हा दिसला. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशननं २०२३ मध्ये पाहणी केली, तेव्हा २०१० पूर्वी अमेरिकेत निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज सरळ विकत मिळत नाहीत, असं आढळलं.

पुस्तक दुर्मीळ झालं तरी ग्रंथालयात एखादी प्रत सापडते, आणि ती वाचायला डोळे पुरतात. खेळाचं तसं नाही. प्रत सापडली तरी ती वाचणारं यंत्र हवं, आणि यंत्रं तर दरवर्षी थोडी थोडी मरताहेत. तबकडी वाचणारी भिंगं मंद होतात, जुन्या कार्ट्रिजमधली नोंदी राखणारी बॅटरी संपते.

आता पुन्हा दुलाभाईंकडे वळतो. मेमरी कार्ड म्हणजे आगपेटीहून जरा मोठी डबी, १२८ किलोबाइटची, पंधरा कप्प्यांची. आजच्या मोबाइलवरचा एक फोटोसुद्धा तिच्यात मावायचा नाही. मग शर्यतीची चित्रफीत कुठून मावणार? तिथे राहतो तो फक्त चालवण्याचा हिशेब. त्यावरून खेळ ती शर्यत पुन्हा घडवतो, पायलटविंग्जच्या विमानासारखी. म्हणजे त्या डबीत दुलाभाईंचं चित्र नव्हतं, आवाज नव्हता. त्यांचे दोन अंगठे होते.

भाच्यानं कार्ड वाचणारं एक छोटं अडॅप्टर मिळवलं आणि नोंद कॉम्प्युटरवर उतरवली. आधी त्यानं अमेरिकी प्रत चालवून पाहिली. तिनं पाल प्रतीची नोंद ओळखलीच नाही. मग पाल तबकडी घातली, पण हौसेनं एम्युलेटरमधल्या सुधारणा चालू ठेवल्या, प्रोसेसरचे ठोकेही वाढवले. शर्यत सुरू झाली आणि तिसऱ्या वळणावर गाडी सरळ भिंतीवर जाऊन आदळली. मग आदळतच राहिली. भाचा म्हणाला, “मामू, माझ्या पोटात गोळा आला. अब्बांनी आयुष्यात कधी गाडी ठोकली नव्हती.” त्यानं एकेक सुधारणा बंद केली. ठोके मूळचे, वेग ५० चा, रस्त्याच्या कडा थरथरणाऱ्या. गाडीनं तिसरं वळण घेतलं, चौथं घेतलं, बोगद्यातून बाहेर आली. भिंतीला कुठेही न लागता ती शर्यत पुरी झाली. नंबर शेवटचा.

स्वतः खेळताना भाचा आजही चित्र गुळगुळीत करून, ६० च्या वेगानं खेळतो. अब्बांची शर्यत पाहायची असेल, तर सगळं जुनं.

आम्ही पाहत होतो तेवढ्यात त्याची आठ वर्षांची मुलगी आली. आजोबांना तिनं कधी पाहिलेलं नाही. दोन मिनिटं तिनं पडद्याकडे पाहिलं आणि विचारलं, “दादा एवढे हळू का चालवतात?” आमच्याकडे आजोबांना दादा म्हणतात. कोणी उत्तर दिलं नाही. तिनं रिमोट मागितला, तोच रस्ता निवडला आणि पहिल्याच वळणावर गाडी भिंतीवर घातली. मग म्हणाली, “दादांची पुन्हा लावा.” आजोबांनी ब्रेक कुठे लावला, ते तिनं नीट पाहिलं, आणि दुसऱ्या खेपेला वळणाच्या आधी वेग कमी केला.